रिक्ताचे नामकरण : हार्मंटच्या काल्पनिक संशोधनसंस्थेची परिभाषा

जे दिसत नाही, हाती लागत नाही, आणि तरीही ज्याचा परिणाम नाकारता येत नाही, अशा गोष्टीला नाव कोणत्या आधारावर द्यावयाचे, हा प्रश्न व्याकरणशास्त्राच्या चांगल्या परिचयाचा आहे. त्याच प्रश्नाची एक विलक्षण मांडणी विसाव्या शतकातील एका रशियन कादंबरीत आढळते. अर्कादी (१९२५–१९९१) आणि बोरिस (१९३३–२०१२) या स्त्रुगात्स्की बंधूंनी लिहिलेली ही कादंबरी १९७२ साली लेनिनग्राडच्या ‘अव्रोरा’ मासिकातून प्रथम प्रसिद्ध झाली. तिच्या नावाचा अर्थ ‘रस्त्याकडेची सहल’ असा होतो. बंधूंपैकी थोरले जपानी व इंग्रजी भाषांचे अनुवादक होते, तर धाकटे पुल्कोवो वेधशाळेत काम केलेले खगोलज्ञ. कादंबरीचा विचार आजवर बहुधा विज्ञानकथा म्हणूनच झाला आहे आणि आंद्रेई तारकोव्हस्की यांच्या १९७९ मधील चित्रपटामुळे तिच्या तात्त्विक आशयाकडेही पुष्कळांचे लक्ष गेले. तिच्यातील नामव्यवस्था मात्र स्वतंत्र अभ्यासास पात्र असूनही काहीशी उपेक्षित राहिली आहे.

कथेची भूमिका थोडक्यात अशी. परग्रहावरील कोणी अज्ञात पृथ्वीवर सहा ठिकाणी येऊन गेले. त्यांना कोणीही पाहिले नाही. त्यांचे येणे कशासाठी होते, त्यांना येथे मनुष्य राहतो याची जाणीव तरी झाली की नाही, हे कोणास ठाऊक नाही. मागे राहिली ती सहा क्षेत्रे. तेथे नेहमीचे भौतिक नियम लागू पडतीलच असा भरवसा नाही. त्यांपैकी एक क्षेत्र हार्मंट या काल्पनिक गावाला लागून असून तेथे परग्रहीय संस्कृतींच्या आंतरराष्ट्रीय संस्थेची शाखा आहे. शास्त्रज्ञ दिवसाढवळ्या, परवान्याने आणि संरक्षक पोशाख घालून क्षेत्रात जातात. ‘स्टॉकर’ रात्री, कुंपणाखालून, पोटावर सरपटत जातात, आणि आणलेल्या वस्तू चोरून विकतात. नायक रेड्रिक शूहार्ट हा या दोन्ही जगांतील आहे. संस्थेत तो प्रयोगशाळा-सहायक असून क्षेत्राच्या चोरवाटाही त्याला पाठ आहेत. रशियन वाचकाच्या कानाला ‘झोना’, म्हणजे क्षेत्र, या शब्दात बंदिवासाच्या छावणीचे कुंपणही ऐकू येते, हे येथे ध्यानात ठेवणे इष्ट.

क्षेत्रातून आणलेल्या वस्तूंत एक वस्तू संस्थेला विशेष छळते. तांब्याच्या दोन चकत्या. प्रत्येक चहाच्या बशीएवढी, जाडी सुमारे पाच मिलिमीटर. दोहोंमधील अंतर सुमारे चारशे मिलिमीटर, आणि या अंतराव्यतिरिक्त त्यांच्यामध्ये काहीही नाही. हात आरपार घालावा, हवे तर डोकेही घालावे. लागत काही नाही. तरीही चकत्या एकमेकींजवळ आणता येत नाहीत आणि एकमेकींपासून ओढून दूरही करता येत नाहीत. स्टॉकर या वस्तूला ‘पुस्तीश्का’ म्हणतात. ‘पुस्तोय’ म्हणजे रिकामा. त्यापासून लघुत्वदर्शक प्रत्ययाने झालेला हा रोजच्या वापरातला शब्द आहे. तान्ह्या मुलाला गप्प करण्यासाठी तोंडात देतात ती दूध नसलेली बोंडली, आणि लक्षणेने ज्याच्यात काही दम नाही असा माणूस, हे त्याचे नेहमीचे अर्थ. विश्वाच्या रचनेसंबंधी आपल्याला काही कळते या मानवी समजुतीलाच धक्का देणारी वस्तू, आणि तिचे नाव बाळाच्या बोंडलीचे! संस्थेतील तरुण सोव्हिएत शास्त्रज्ञ किरिल पानोव या रिकामपणापुढे हतबल झाला आहे. त्याची उतरलेली कळा पाहवत नाही म्हणून रेड्रिक त्याला एक गुपित सांगतो : क्षेत्रात एका ठिकाणी ‘भरलेली’ पुस्तीश्का आहे. ‘भरलेले रिकामे’ या शब्दप्रयोगातील विसंगती एकाही पात्राला खटकत नाही. नाव एकदा रुळले म्हणजे त्याचा व्युत्पत्त्यर्थ कसा झोपी जातो, याचे याहून सुबक उदाहरण मिळणे कठीण.

आता प्रश्न असा की, दोन चकत्यांच्या मध्ये ‘काही नाही’ असे म्हणावयाचे की ‘काही नाही असे काहीतरी आहे’ असे म्हणावयाचे? हा शब्दच्छल नव्हे. मराठीत ‘घोडा’ याचे अनेकवचन ‘घोडे’ होते. ‘दगड’ याचे अनेकवचन ‘दगड’च राहते. दुसऱ्या उदाहरणात अनेकवचनाचा प्रत्यय नाही असे म्हणावे, की तो शून्यरूपाने आहे असे म्हणावे? केवळ ‘दगड’ या रूपाकडे कितीही वेळ टक लावून पाहिले तरी उत्तर मिळत नाही. उत्तर मिळते ते शेजारच्या शब्दांकडून. ‘मोठा दगड पडला’ आणि ‘मोठे दगड पडले’ या वाक्यांतील विशेषण आणि क्रियापद त्या अदृश्य स्थानापाशी येऊन वळतात, म्हणून तेथे काही आहे हे कळते. रेड्रिकची पद्धत नेमकी हीच आहे. क्षेत्रात काही जागी गुरुत्वाकर्षण अकस्मात शतपटींनी वाढते आणि पाऊल टाकणारा जागीच चिरडला जातो. अशी जागा डोळ्यांना दिसत नाही. म्हणून तो खिशातील लोखंडी चाकी पुढे फेकतो आणि ती कशी पडते ते पाहतो. चाकी सरळ गेली तर वाट निर्वेध. मध्येच वाकून जमिनीत रुतली तर त्या जागेला वळसा घालावयाचा. शून्याचे अस्तित्व शून्याकडे पाहून सिद्ध होत नाही, त्याच्या जवळून जाणाऱ्या वस्तूच्या वर्तनावरून ते अनुमानावे लागते, हे तत्त्व व्याकरणकार आणि स्टॉकर दोघेही पाळतात. रोमान याकोबसन यांनी शून्य-चिन्हावरील आपल्या १९३९ सालच्या निबंधात भाषेतील अभावाला भावरूपाच्या विरोधातच मूल्य प्राप्त होते हे दाखविले. रशियन भाषेत तर अशी शून्ये पावलोपावली आहेत. खुद्द ‘पुस्तीश्का’ शब्दाचे षष्ठी अनेकवचन ‘पुस्तीशेक’ हे शून्यप्रत्ययान्तच आहे, हा योगायोग लेखकद्वयाच्या मनात असेल असे मात्र मानण्याचे कारण नाही.

पाणिनीची व्यवस्था याहून पुढे जाते, आणि कादंबरीच्या संदर्भात ती अधिक उद्बोधक ठरते. अष्टाध्यायीत लोपाची व्याख्या ‘अदर्शन’ अशी केलेली आहे. अदर्शन म्हणजे अभाव नव्हे. जे प्राप्त होते ते दिसेनासे होणे, एवढाच त्याचा अर्थ. शिवाय प्रत्ययाच्या अदर्शनाला पाणिनी ‘लुक्’, ‘श्लु’ आणि ‘लुप्’ अशी तीन वेगळी नावेही देतो. कानाला तिन्ही सारखीच, कारण तिन्ही ठिकाणी ऐकू काहीच येत नाही. परिणाम मात्र भिन्न. ‘अद्’ धातूपुढील विकरणाचा लुक् होतो आणि ‘अत्ति’ हे रूप मिळते. ‘हु’ धातूपुढील विकरणाचा श्लु होतो आणि त्या श्लुमुळे धातूला द्वित्व येऊन ‘जुहोति’ असे रूप सिद्ध होते. एक रिक्त स्वस्थ बसते, दुसरे रिक्त शेजाऱ्याला दुप्पट करते. तेव्हा त्यांना एकच नाव देऊन भागत नाही. याखेरीज प्रत्यय लोपला तरी त्याच्यामुळे व्हावयाचे कार्य होतेच, असा सामान्य नियमही पाणिनीने घालून दिला आहे, आणि लगेच पुढे त्याला मर्यादाही घातली आहे. ‘अग्निचित्’ या शब्दात ‘चि’ धातूपुढे ‘क्विप्’ प्रत्यय येतो आणि त्यातला एकही वर्ण शिल्लक राहत नाही. परंतु जाता जाता तो धातूच्या अंती ‘त्’ ठेवून जातो. ज्याला ‘क्विप्’ ठाऊक नाही त्याला हा ‘त्’ कोठून आला हे कधीही सांगता येणार नाही.

हार्मंटच्या क्षेत्रातील प्रत्येक वस्तू हा असा एक ‘त्’ आहे. कर्ते निघून गेले; त्यांचे कार्य मात्र चालूच आहे. पुढील एका प्रकरणात व्हॅलेंटाइन पिलमन हा नोबेल पारितोषिकविजेता भौतिकीविद् जी उपमा देतो तिच्यावरून कादंबरीचे नाव पडले. रस्त्याकडेला मोटार थांबते, माणसे उतरतात, खातात-पितात, गाणी लावतात आणि सकाळी निघून जातात. मागे उरलेले तेलाचे डाग, फळांच्या साली, विझलेली शेकोटी, कोणाचा तरी हरवलेला चाकू यांकडे रानातील किडेमुंग्या भयाने पाहत राहतात. साम्य इथपर्यंत पोचते आणि येथेच ते तुटते. वैयाकरणाला लोपलेल्या प्रत्ययाचे ज्ञान आधीच असते. स्थानी कोण होता हे माहीत असल्यामुळेच त्याचे अदर्शन सांगता येते. हार्मंटमधील संशोधकाच्या हाती प्रत्ययलक्षण आहे, प्रत्यय नाही. ‘क्विप्’ या संज्ञेचा पत्ता नसलेल्या माणसापुढे ‘अग्निचित्’ ठेवून त्यावरून सगळी अष्टाध्यायी लिहून काढण्यास सांगावे, तशी ही स्थिती आहे. पिलमनला ती पुरती कळलेली आहे. आपण सूक्ष्मदर्शकाने खिळे ठोकीत आहोत, अशा आशयाचे त्याचे बोलणे विनोदासाठी आलेले नाही.

अशा अवस्थेत नावे दोन बाजूंनी तयार होतात. संस्थेची नावे क्रमांकांची आणि पारिभाषिक. स्टॉकरांची नावे घरगुती. ज्या जागी गुरुत्व एकवटते तिला संस्थेत ‘गुरुत्वसंहती’ अशा अर्थाचा शब्द आहे; स्टॉकर तिला ‘डासांचे टक्कल’ म्हणतात. तळघरांत साचून राहणारा आणि स्पर्श होताच हाडामांसाची दशा करून टाकणारा पदार्थ संस्थेच्या लेखी ‘कलिल वायू’. स्टॉकरांच्या तोंडी तो ‘चेटकिणीचे स्तूद्येन’. मांस शिजवून त्याचा रस थंडीत गोठवून जो पदार्थ रशियन घरांत करतात त्याला स्तूद्येन म्हणतात. याखेरीज ‘जळती पिसे’ आहेत, ‘खिमायंत्र’ आहे. संस्थेच्या उडत्या वाहनालासुद्धा ‘गालोशा’, म्हणजे बुटावर चढवावयाचे रबरी पायताण, असे नाव पडलेले आहे. स्वयंपाकघर, कपाट आणि उंबरठा यांपलीकडे ही नामसृष्टी जात नाही. भयाला घरातल्या वस्तूचे नाव देऊन आटोक्यात आणण्याची ही रीत मराठी भाषकाला अपरिचित नाही. कोकणात रात्री सापाला साप न म्हणता ‘जनावर’ किंवा ‘लांबडे’ म्हणतात. ज्या रोगाने गावेच्या गावे ओस पडत त्याला ‘देवी’ म्हटले गेले. रानात वाट चुकवून माणसाला रात्रभर एकाच जागी फिरविणारा तो ‘चकवा’. ज्याने तो कधी पाहिला नाही त्यालाही तो लागू शकतो.

या दोन परिभाषांची तुलना करताना लोकांची नावे भाबडी आणि संस्थेची नावे शास्त्रीय अशी विभागणी करण्याचा मोह होतो. कादंबरी ती टिकू देत नाही. ‘गुरुत्वसंहती’ या नावाने कारणाविषयी काही कळते असा भास होतो. वस्तुतः कळत काहीच नाही. ‘डासांचे टक्कल’ हे नाव कारणाविषयी मौन पाळते, परंतु ती जागा कशी असते आणि तिच्याशी कसे वागावे हे सांगते. स्तानिस्लाव लेम या पोलिश लेखकाच्या ‘सोलारिस’ (१९६१) या कादंबरीत पहिल्या प्रकारच्या नामकरणाची परिसीमा दिसते. तेथे एका ग्रहाला वेढणाऱ्या, बहुधा सचेतन अशा महासागरावर तरंगणारे संशोधनकेंद्र आहे, आणि त्याच्या ग्रंथालयात महासागरावरच्या ग्रंथांच्या राशी आहेत. त्यातून उफाळणाऱ्या आकारांची ‘मिमॉइड’, ‘सममितिका’, ‘असममितिका’ अशी काटेकोर वर्गवारी पिढ्यान् पिढ्या झालेली आहे. महासागराशी संवाद मात्र अक्षराचाही झालेला नाही. स्त्रुगात्स्कींच्या कादंबरीवर लेम यांनी स्वतंत्र निबंध लिहिला आणि गूढ अखेरपर्यंत राखण्याच्या तिच्या कौशल्याची विशेष दखल घेतली, ही गोष्ट या दृष्टीने सूचक आहे. ‘सोलारिस’मध्ये नावे ग्रंथालयात राहतात, हार्मंटमध्ये ती माणसाच्या पायांखाली असतात.

म्हणूनच येथे नावाची किंमत जिवाने मोजावी लागते. भरलेली पुस्तीश्का आणण्यासाठी किरिल आणि रेड्रिक एका जुन्या गॅरेजमध्ये शिरतात. तेथे किरिलच्या पाठीला एक रुपेरी कोळिष्टक लागते आणि तुटते. रेड्रिकला ते दिसते. तो थबकतो, वाट पाहतो. काही घडत नाही. दोघे वस्तू घेऊन सुखरूप परततात. त्याच संध्याकाळी गुत्त्यात बसलेल्या रेड्रिकला किरिल हृदयक्रिया बंद पडून गेल्याची वार्ता मिळते. क्षेत्रातील इतर सर्व घातक गोष्टींना दोन-दोन नावे आहेत. या कोळिष्टकाला एकही नव्हते. नाव असते तर हाक मारता आली असती, असे कादंबरी कोठेही म्हणत नाही. परंतु संपूर्ण शब्दसंग्रह डोळ्यांपुढे ठेवला म्हणजे ही एक रिकामी जागा तेथे ठळकपणे दिसते, आणि ती भरण्याची किंमत पहिल्यांदा कोणी तरी दिल्यावाचून इतरांना सावध करणारा शब्द तयार होत नाही हेही दिसते. स्टॉकरांचा कोश हा मृतांची नोंदवहीच होय.

दुसरे उदाहरण याच्या उलट दिशेचे आहे. ‘चेटकिणीच्या स्तूद्येन’मध्ये बरब्रिज नावाच्या वृद्ध स्टॉकरचे पाय जातात, रेड्रिक त्याला पाठीवर घेऊन बाहेर काढतो. हेच द्रव्य शस्त्र म्हणून हवे असणारे ग्राहक आहेत, आणि पकडले जाण्याची वेळ आल्यावर पत्नी व मुलीच्या पोटासाठी रेड्रिक ते त्यांच्या हवाली करण्याची व्यवस्था करतो. ‘कलिल वायू’ या नावाने मागणीपत्र लिहिता येते, पावती फाडता येते, कोठारात डबा ठेवता येतो. चेटकिणीच्या नावाने यांतले काहीच करता येणार नाही. तटस्थ परिभाषेचा हा उपयोग शास्त्राच्या इतिहासात नवा नाही, आणि परिभाषा घडविणाऱ्यांनी त्याचा विसर पडू न दिलेला बरा.

बोलीच्या या वापरामुळे लेखकांना पुष्कळ सोसावे लागले. मॉस्कोच्या प्रकाशनसंस्थेकडून ग्रंथरूप येण्यास १९८० साल उजाडले, आणि तेही काटछाट केलेल्या स्वरूपात. संपादकांनी धाडलेल्या आक्षेपांच्या याद्यांत पात्रांचे अनैतिक वर्तन, शारीरिक हिंसा आणि ग्राम्य व बोलीतील शब्द असे स्वतंत्र विभाग होते, हे बोरिस यांनी पुढे लिहून ठेवले आहे. मूळ संहिता वाचकांना मिळाली ती सोव्हिएत व्यवस्था शिथिल झाल्यानंतरच.

मराठीत ही नावे आणावयाची झाल्यास काय करावे? आपल्याकडील प्रघात संस्कृतकडे वळण्याचा. जॉन व्हीलर यांनी १९६७ पासून रूढ केलेले ‘काळे भोक’ हे इंग्रजी नाव रस्त्यावरील बोलीतले होते. मराठीत येताना ते ‘कृष्णविवर’ झाले, आणि जयंत नारळीकर यांची मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ सालच्या स्पर्धेत बक्षीस मिळविणारी कथा त्याच नावाने प्रसिद्ध झाली. शब्द सुंदर आहे. त्यातील खरखर गेली इतकेच. संस्थेच्या परिभाषेसाठी हीच रीत योग्य : ‘गुरुत्वसंहती’, ‘कलिल वायू’. स्टॉकरांच्या तोंडी मात्र ‘रिक्तिका’ घालणे म्हणजे त्यांना गणवेश चढविणे होय. ज्या शेंगेत दाणा भरला नाही ती ‘पोची’, हा शेतातला शब्द पुस्तीश्काला बराच जवळ जातो. त्यात रिकामपण आहे, निरुपयोगीपणाची थट्टा आहे, आणि ‘भरली पोची’ म्हटल्यावर विसंगतीही जिवंत राहते. केस जाऊन डोक्यावर जी गुळगुळीत जागा पडते तिला ‘चाई’ म्हणतात. तेव्हा ‘डासचाई’ म्हणावयास हरकत नाही. स्तूद्येनला मात्र मराठी स्वयंपाकात नेमका जोड नाही. ‘हडळीची खीर’ जवळचा वाटतो, परंतु खीर ऊन असते आणि स्तूद्येन थंड, आणि ती थंडीच त्या नावातील भयाचे मूळ आहे. ‘हडळीची खरवड’ वगैरे पर्याय त्याहून दूर जातात.

उरतो तो ‘स्टॉकर’ हा शब्द. बोरिस यांच्या सांगण्याप्रमाणे तो रडयार्ड किपलिंगच्या ‘स्टॉकी अँड कंपनी’ (१८९९) या शालेय जीवनावरील पुस्तकातील खटपट्या नायकाच्या टोपणनावावरून सुचला. अर्कादींनी त्या पुस्तकाचा तरुणपणी अनुवाद केला होता. मुंबईत जन्मलेल्या लेखकाच्या एका पात्राचे नाव अशा रीतीने रशियन भाषेत शिरले. तेथे त्याचा उच्चार मात्र इंग्रजी वर्णांवरून ‘स्तालकेर’ असा झाला. इंग्रजीत न उच्चारला जाणारा ‘ल’ रशियनमध्ये उच्चारला जाऊ लागला. चेर्नोबिलच्या १९८६ मधील अपघातानंतर तेथील निषिद्ध प्रदेशात परवान्यावाचून शिरणाऱ्यांना हाच शब्द लावला गेला, आणि २००७ साली कीव्ह येथे तयार झालेल्या त्याच नावाच्या संगणकीय खेळाने तो जगभर पोचविला. मराठी वृत्तपत्रांत ‘स्टॉकिंग’, ‘स्टॉकर’ हे शब्द वेगळ्याच अर्थाने, म्हणजे स्त्रीचा पाठलाग करून तिला त्रास देण्याच्या संदर्भात, विशेषतः फौजदारी कायद्यातील २०१३ च्या दुरुस्तीनंतर वारंवार येऊ लागले आहेत. तेव्हा कादंबरीचा मराठी अनुवाद करणाऱ्याने रशियन उच्चारच पत्करून ‘स्तालकेर’ लिहावे. इंग्रजीत मूक झालेल्या आणि रशियनांनी चुकून बोलता केलेल्या त्या ‘ल’मुळे मराठीला दोन अर्थांसाठी दोन शब्द आपोआप मिळतात.